दोन फळ्या

"एकशे अकरा, एकशे बारा... गुडघे सैल सोड, धने! लाकूड आहेस का तू? एकशे तेरा..."

आप्पा मोजत होते आणि मी फळीवर होते. फळीखाली बोअरचा जुना पाइप. पाइप डावीकडं पळाला की फळी उजवीकडं टेकायला बघायची, मग मी कमरेतनं हिसका द्यायची, की पाइप परत इकडं. सकाळचे सहा, आमचं परसू, सगळ्या कोंबड्या लांब जाऊन उभ्या, आणि आई चुलीजवळनं ओरडतेय, "पाय मोडला तर हिच्या लग्नात बोहल्यावर कोण उभं राहील?"

"हीच राहील की," आप्पा म्हणाले. "पाइपावर उभी राहील. एकशे वीस! शाब्बास माझी वाघीण!"

मला हसू आलं आणि मी धाडकन पडले.

थांबा पोरींनो, आधी निशाणाचं सांगते, नाहीतर तुम्हाला वाटेल ही सर्कशीत जाणार होती. आमचं गाव कृष्णेच्या काठावर. गणपतीच्या आधीच्या रविवारी आमच्याकडं होड्यांच्या शर्यती असतात. नदी दुथडी, काठावर पाच-सहा गावं लोटलेली. प्रत्येक आळीची एक होडी. लांब, निमुळती, इतकी अरुंद की दोघं शेजारी बसले तर खांद्याला खांदा घासतो. आमच्या आळीच्या होडीचं नाव वाघीण. वल्ही मारायला दहा जण, आणि पार पुढं टोकावर एक जण नुसता उभा. त्याच्या दोन्ही हातांत निशाण. कशाला धरायचं नाही, निशाणाची काठी होडीला टेकवायची नाही. तो पडला की होडी बाद. मग मागचे दहा भीम असू देत, उपयोग नाही.

आणि आप्पा अकरा वर्षं वाघिणीच्या टोकावर उभे राहिलेले. एकदाही पडले नाहीत. बाजारात अजून लोक विचारायचे, "निवास निशाणवाला तुझा बाप ना गं?" तशी आमची रोजची होडी वेगळी, म्हणजे इकडच्या काठावरनं तिकडं माणसं सोडायची. मी शाळेला त्याच होडीतनं जायची. पण माझा बाप नावाडी आहे असं मी कधी सांगितलं नाही. मी सांगायची, माझा बाप निशाणवाला.

निशाण आमच्यात घरात चालत येतं. बापानं पोराला द्यायचं. पण टोकावर वजन कमी लागतं, चाळिशीनंतर माणूस सुटतो, आणि आप्पांना पोरगा नाही. मी एकटी. मग त्या वर्षी देवळात आळीची बैठक झाली आणि माझे थोरले काका, तात्या, तेच आळीचे पुढारी, म्हणाले, "आता निवासच्या जागी आमचा विशू उभा राहील." विशू म्हणजे विश्वजीत, माझा चुलतभाऊ, माझ्यापेक्षा वर्षानं मोठा.

मी पंधरा वर्षांची. बायकांच्या बाजूला बसलेली. काय अंगात आलं देव जाणे, उठले आणि म्हणलं, "मी उभी राहते."

कोणतरी म्हणालं, "मग निशाणाला लेस लावायला लागंल!" आणि असा हशा पिकला की देवळातली कबुतरं उडाली. वाघिणीला बाईमाणसाचा पाय लागत नाही, ही आमची रीत. मी जन्मात कधी तिच्यात बसले नव्हते. नाव वाघीण, आणि बाई चालत नाही! पण तेव्हा हे कुणाच्या डोक्यात येत नव्हतं, माझ्यासुद्धा.

मी आप्पांकडं बघत होते. ते खाली बघत होते. मग त्यांनी मान वर केली आणि माझ्याकडं बघत म्हणाले, "चाचणीला दोघंही उभी राहू देत की, तात्या. जो टिकल तो नेईल."

तात्या काय बोलणार? सगळ्या आळीसमोर अकरा वर्षांचा निशाणवाला बोलला होता.

त्या दिवशी मी घरी चालत गेलेच नाही. मी उडत गेले.

दुसऱ्याच दिवसापासनं आप्पांनी माझी तालीम सुरू केली. व्यायामशाळा वगैरे आमच्या गावात कुठली? सगळं घरचं. मोडक्या होडीची फळी काढून तासली, कडा गोल केल्या, कोपऱ्यात तापल्या खिळ्यानं तीन भोकं पाडली. ही त्यांची खूण, त्यांनी केलेल्या प्रत्येक वल्ह्यावर असते. पाय घसरू नये म्हणून फळीवर माझ्या जुन्या सायकलची ट्यूब कापून ठोकली. ती तांबडी ट्यूब होती, आणि तिच्यावर मीच लावलेली पंक्चरची तीन-चार ठिगळं.

"अर्धीच लावली आप्पा? बाकीची कुठाय?"

"उंदरानं खाल्ली."

"रबर?"

"आपल्या घरात त्याला दुसरं काय मिळतंय?"

असे होते आप्पा. हसवून मारायचे.

तर फळी आणि पाइप. मग जमिनीवर आडवा टाकलेला बांबू, त्याच्यावरनं अनवाणी चालायचं, एका पावलासमोर दुसरं पाऊल. मग डोक्यावर अर्धी भरलेली घागर घेऊन तेच. पूर्ण भरलेली नाही हं, अर्धीच, म्हणजे पाणी आत इकडून तिकडं हिंदकळतं. मग डोळे मिटून एका पायावर उभं राहून दात घासायचे. मी शाळेत प्रार्थनेला एका पायावर उभी असायची! बाईंनी विचारलं, "काय गं, पाय दुखतोय?" म्हणलं, "नाही बाई, निशाण आहे."

आणि आप्पांचे नियम. गुडघे सैल. नजर लांब एका ठिकाणी. श्वास धरायचा नाही. आणि सगळ्यात मोठा: "मागं वळून बघायचं नाही. काय वाट्टेल ते होऊ दे. कुणी हाक मारू दे, शिवी देऊ दे, मी हाक मारली तरी. वळलीस की गेलीस."

मग ते मुद्दाम मागनं ओरडायचे, "धने, साप!" पहिल्या दोन वेळा पडले मी. तिसऱ्यांदा म्हणलं, "चावू दे." इतके हसले की त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं.

दीड महिना. तीस सेकंदांवरनं दोनशेवर गेले. आई पण शेवटी शेवटी चहा घेऊन बघायला यायची. मी तिला विचारायची, "दिसतीय का गं मी आप्पांसारखी?" ती नुसती बशीतनं चहा प्यायची. संध्याकाळी आप्पा भजनाला जायचे, तेव्हा मी एकटी परत चढायची पाइपावर. परत आले की विचारायचे, "किती झाले?" म्हणायची, "दोनशे दहा." त्यांचा हात माझ्या डोक्यावर. डांबराचा वास यायचा हाताला, होडीचं डांबर. मला तो वास अत्तरासारखा वाटायचा, खरंच सांगते.

चाचणीचा रविवार. घाटावर हीऽऽ गर्दी, कारण पोरगी उभी राहणार ही बातमी चार गावांत पोचलेली. वाघिणीच्या टोकावर त्यांनी पोतं टाकलं होतं, माझ्या पायाखाली. रीत मोडायची नाही म्हणून. आमच्या आळीतला एक जण म्हणाला, "झाल्यावर दोन घागरी पाणी ओतू, आणि नारळ फोडू, काय बिघडत नाही." मला राग सुद्धा आला नाही. मी आप्पांकडं बघितलं. ते घाटाच्या पायरीवर उभे. त्यांनी हात वर केला.

मी चढले. निशाण हातात घेतलं. गुडघे सैल. नजर पल्याडच्या वडावर. होडी डावी-उजवीकडं डुलली आणि मला हसू आलं, म्हणलं हे तर माझं रोजचं! अगदी कमरेतनं जिरवलं मी. काठावर कोणतरी "आयला" म्हणालं, ते मी ऐकलं.

मग मागनं हाळी आली आणि दहा वल्ही एकदम पाण्यात गेली.

पोरींनो, मला कुणी सांगितलंच नव्हतं. दहा जण एकदम ओढतात तेव्हा होडी डुलत नाही. ती उडी मारते. पुढं! तुमच्या पायाखालची जमीन कुणीतरी सतरंजीसारखी पुढं ओढावी, तशी. आणि ओढ संपली की थबकते, मग परत उडी. पहिल्या ओढीला मी मागं गेले, कशीबशी सावरले. दुसऱ्या ओढीला टाचा सुटल्या. तिसऱ्या ओढीला आभाळ दिसलं. मी उताणी, पहिल्या वल्हेवाल्याच्या मांडीवर, पाय वर. आणि निशाण पाण्यात.

हसणं म्हणजे काय, अख्खी नदी हसत होती.

धप्पकन आवाज आला. आप्पांनी कपड्यांसकट उडी मारली होती. मी उठून बसले, म्हणलं आप्पा आले. ते माझ्या बाजूनं पोहत गेले. निशाणाकडं. ते ओलं निशाण डोक्यावर धरून काठावर आले आणि तात्यांच्या हातात दिलं.

मग विशू चढला. पोतं काढलं होतं. हाळी झाली, होडीनं उडी मारली, आणि विशूनं काय केलं माहितीय? पुढं वाकला. थबकली की मागं. पुढं, मागं, पुढं, मागं, जणू पाळण्यात. देवळाच्या घाटापर्यंत गेला आणि परत आला. मी ओल्या पायरीवर बसून बघत होते आणि मनात एकच, हे कुठं शिकला हा? हा तर सायकलवर सुद्धा पडतो.

घरी जाताना आप्पांनी मला गरम भजी घेऊन दिली. त्यांचे कपडे अजून गळत होते. म्हणाले, "पडतं माणूस, बाळा. सगळ्यांना तोल नसतो. तू तुझ्या आईवर गेलीस."

आणि मी त्यांच्या ओल्या शर्टात तोंड खुपसून रडले आणि म्हणलं, "सॉरी आप्पा. तुम्ही एवढं केलं, मी तुमचं नाव घालवलं. सॉरी."

मी! त्यांना! सॉरी म्हणलं!

ते पाठीवर थोपटत राहिले.

दुसऱ्या दिवशी आईनं मला तात्यांकडं पाठवलं, काकूची पितळी पातेली परत द्यायला. घरात कोणी दिसेना, म्हणून मी मागं गोठ्याकडं गेले. तिथं विशू. फळीवर. पण ही फळी नुसती डावी-उजवीकडं कलत नव्हती, ती चारी बाजूंना फिरत होती. पुढं, मागं, तिरकी, कुठंही. विशू तिच्यावर पुढं-मागं झुलतोय.

"ये की," तो म्हणाला आणि उतरला. "काल लागलं का गं तुला?"

"हे काय आहे?"

"काय म्हणजे? फळी."

मी फळी पालथी केली. खाली अर्धा गोळा होता, सिमेंटचा. घमेल्यात सिमेंट ओतून केलेला, घमेल्याच्या तळाची वर्तुळं सुद्धा उमटलेली. त्याच्यावर फळी नटबोल्टनं बसवलेली. फळीच्या कोपऱ्यात तीन भोकं. आणि वर ट्यूब. तांबडी. माझ्या हातचं ठिगळ त्याच्यावर.

"कुणी केलं हे?"

विशू खरोखर गोंधळला. "काकांनी की. निवासकाकांनी. असं काय करतीस? तुझ्याकडं पण हेच असणार ना?"

"कधी दिलं?"

"दीड महिना झाला. रोज संध्याकाळी येतात की शिकवायला. म्हणतात, डुलण्यात काय नाय, तिथं कोणी पण टिकतं. खरी मारामारी पुढं-मागंची." मग माझं तोंड बघून तो थांबला. "धने? तुला कशावर शिकवलं काकांनी?"

रोज संध्याकाळी. म्हणजे भजन.

मी फळी सरळ केली आणि चढले. एक, दोन, तीन... आणि मागं. उताणी. शेणात. अगदी कालच्यासारखी, तस्सीच. परत चढले, परत मागं. विशू म्हणत होता, "अगं पुढं झुक, पुढं," आणि माझं अंग डावी-उजवीकडं हिसके देत होतं, कारण त्याला दुसरं काही येतच नव्हतं. दोनशे दहा सेकंद! दोनशे दहा सेकंद मी जे शिकले ते दोन ओढींच्या पुढं टिकणारच नव्हतं, आणि हे अख्ख्या गावात एका माणसाला सगळ्यांत जास्त माहीत होतं.

आप्पा घाटावर होते. आमची रोजची होडी पालथी घालून डांबर लावत होते. मी पळत गेले. धाप लागलेली, पाठीला शेण.

"विशूकडं गोळा आहे."

त्यांचा ब्रश थांबला. मग परत चालायला लागला.

"आप्पा, विशूच्या फळीखाली गोळा आहे, माझ्या खाली पाइप. का?"

"हळू बोल."

"का हळू बोलू?"

"धने, तुला कळत नाही अजून. चार गावचे लोक काठावर, तू पंधरा वर्षांची पोरगी, अंगावर ओले कपडे, मागं दहा पोरं. निशाणाकडं कोण बघणार होतं?"

"मग देवळात नाही म्हणायचं ना!"

"म्हणणार होतो." त्यांनी ब्रश डब्यात ठेवला. "तुझं तोंड बघितलं. नाही म्हणवलं नाही."

"म्हणून मला पाडायचं ठरवलं?"

"पाडलं कुठं? तू पडलीस." आणि मग अगदी शांतपणे, समजावत, जसं गुडघे सैल सोड म्हणायचे ना, त्याच आवाजात म्हणाले, "मी नाही म्हणलो असतो तर जन्मभर माझ्या नावानं खडे फोडले असतेस. आता कसं, उभी राहिलीस, पडलीस, तुझं तुला कळलं. मिटलं."

"काय कळलं मला?"

त्यांनी परत ब्रश उचलला. डांबर ठिबकत होतं पायरीवर.

"आप्पा, काय कळलं मला?"

ते डांबर लावत राहिले. मी तिथं किती वेळ उभी होते माहीत नाही. तो वास येत होता, आणि मी नाक दाबून धरलं.

शर्यत झाली. मी गेले नाही. वाघीण दुसरी आली, विशू पडला नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी तो सायकलला बांधून ती फळी घेऊन आमच्या दारात. आप्पा अंगणातच दाढी करत होते. त्यांच्या देखत म्हणाला, "घे. ट्यूब तुझी आहे." विशू तसा मठ्ठ आहे, पण हे त्यानं केलं, म्हणून मी त्याला आयुष्यभर राखी बांधणार.

मग मी परसात चढायला लागले गोळ्यावर. रोज सहाला, त्याच जागी. कोण मोजणारं नव्हतं, मीच मनात मोजायची. आप्पा मोरीत तोंड धुवायला यायचे, बघायचे, जायचे. आम्ही बोलत होतो, नाही असं नाही. "जेवलीस का", "हो". "शाळेला उशीर होईल", "हो". एकदा मी मागं पडले तेव्हा ते सवयीनं म्हणाले, "टाचांवर नको..." आणि थांबले. पुढचं वाक्य त्यांनी गिळलं. मी पण विचारलं नाही. टाचांवर नको, हे मला कळायला मग आणखी चार दिवस लागले, पण ते माझं मला कळलं.

दिवाळीच्या सुट्टीआधीचा शेवटचा शाळेचा दिवस. सकाळी पल्याड जायला मी एकटीच होते. आप्पांनी होडी सोडली, वल्ही घेतली. मी दप्तर त्यांच्या पायाशी ठेवलं आणि टोकावर जाऊन उभी राहिले. चपला काढून. त्यांच्याकडं पाठ.

"बस खाली," आप्पा म्हणाले.

मी गुडघे सैल सोडले.

ते वल्हं मारायला लागले. हळूहळू, असं की पाण्याला सुद्धा कळू नये. नदी आता उतरली होती, शांत. होडी लोण्यावरनं गेल्यासारखी चाललेली.

"असं नको," मी म्हणलं. "ओढा."

"धने, बस."

"शर्यतीत ओढतात तसं ओढा, आप्पा. मी विशू आहे असं समजा."

मागं वल्ह्यांवरनं पाणी ठिबकल्याचा आवाज नुसता. मला वाटलं परत फिरवतात बहुतेक. मग होडीनं उडी मारली. खरी! आप्पांच्या हातांत काय जोर होता, दहा जणांचा नसेल, पण चौघांचा होता. मी पुढं झुकले. थबकली, मी मागं. परत उडी. पुढं. मागं. त्यांनी काही राखून ठेवलं नाही, आणि मध्यावर गेल्यावर तर इतकं ओढलं की माझे केस तोंडावर आले. मी पडले नाही. टाचा सुटल्या नाहीत. पल्याडचा वड मोठा होत होत आला.

आणि मध्येच मागनं आवाज आला, "धने."

नेहमीसारखा नाही. साप म्हणताना ओरडायचे तसा तर नाहीच. अगदी बारीक, मी कधी न ऐकलेला. मग परत, "धने, बाळा."

तेवढंच. पुढं काही बोलले का, माहीत नाही, पाण्याचा आवाज होता. होडी पल्याड लागली. नेहमी ते हात द्यायचे उतरायला. मी टोकावरनं सरळ चिखलात उडी मारली, दप्तर सुद्धा राहिलं होडीतच, आणि चढ चढून शाळेत गेले.

आता तुम्ही विचारणार, ते रडत होते का? माफी मागणार होते का? तोंड कसं झालं होतं त्यांचं? आईनं पण हेच विचारलं होतं मला.

मला काय माहीत? मी मागं वळून बघितलं असतं तर पडले नसते का!